व्हॉल्व्ह अ‍ॅम्प्लिफायर आणणाऱ्या सभासदांसाठी

रविवारच्या बैठकीला स्वतः बांधलेला व्हॉल्व्ह अ‍ॅम्प्लिफायर (काचेच्या निर्वात नळ्यांवर चालणारा ध्वनिवर्धक) आणणार असाल, तर एवढं वाचूनच निघा.

मुलार्ड कंपनीच्या ५-२० सर्किटवर, म्हणजे ईएल३४ या पॉवर व्हॉल्व्हच्या जोडीवर बांधलेल्या सेटमध्ये सुमारे ४०० व्होल्ट डीसी असतो. प्लग काढला तरी कपॅसिटर तो धरून ठेवतात. मागच्या महिन्यात माझा सेट बंद करून दहा मिनिटं झाली होती; मीटर लावला तर १८० व्होल्ट! कपॅसिटर रिकामे करणाऱ्या ब्लीडर रेझिस्टरचं एक टोक सोल्डरमधून सुटलं होतं, आणि वरून बघताना काहीच कळत नव्हतं. म्हणून तळाचं झाकण घट्ट बसवूनच आणा. जी काही जुळवाजुळव करायची ती घरीच. बैठकीत कोणाचाही सेट उघडला जाणार नाही.

स्पीकर जोडल्याशिवाय सेट चालू करू नका. लोड नसताना सिग्नल गेला तर आउटपुट ट्रान्सफॉर्मरच्या आत ठिणगी पडू शकते, आणि चांगला ट्रान्सफॉर्मर पुन्हा गुंडाळून मिळणं किती अवघड आहे ते आपण जाणतोच.

तीन पिनांचा प्लग आणि चॅसीला (धातूच्या सांगाड्याला) अर्थिंग हवंच. स्पीकरमधून ‘हम’ (सततची घरघर) येतो म्हणून अर्थ काढलेला सेट जोडू देणार नाही, मग तो कोणाचाही असो.

बैठक दहाला. व्हॉल्व्ह तापायला हवेत, साडेनऊपर्यंत या.