बाबांच्या प्रश्नाचे उत्तर

पोट्सडॅम

तीर्थरूप आई-बाबांना साष्टांग नमस्कार.

माझी प्रकृती उत्तम आहे, जेवण वेळेवर होते, काळजी नसावी. माहितीपट काढून पोट भरते का, असे बाबांनी फोनवर विचारले तेव्हा मी विषय बदलला, म्हणून सविस्तर लिहितो आहे.

येथील बाबेल्सबर्गच्या चित्रपट विद्यालयात शिकलेल्या विनफ्रीड युंगे यांनी ऑगस्ट १९६१ मध्ये, म्हणजे बर्लिनची भिंत उभी राहिली त्याच महिन्यात, पोलंडच्या सीमेजवळील गोल्त्सो या खेड्यात पहिलीतल्या मुलांचे चित्रीकरण केले आणि २००७ पर्यंत त्यांचा माग सोडला नाही. मुलांची लग्ने झाली, भिंत पडली, पूर्व जर्मनी हा देशच उरला नाही, तरी चित्रीकरण चालूच राहिले. १९८१ मधला त्यांचा चित्रपट चार तासांहून मोठा आहे. मी तो एका बैठकीत पाहिला. (बाबा, दहावीला मी इतका वेळ सलग बसलो नव्हतो.)

आई, शाळेच्या पहिल्या दिवसाची इथली रीत तुला सांगायलाच हवी. मुलाच्या हातात त्याच्या निम्म्या उंचीचा, रंगीत पुठ्ठ्याचा शंकू देतात. आत गोळ्या, पेन्सिली, एखादे खेळणे असते आणि तोंड पातळ कागदाने बांधलेले असते, कारण घरी परतेपर्यंत तो उघडायचा नाही. शेजारच्या बाईंनी मुलीसाठी तो स्वतः चिकटवला आणि टोक नीट होईना म्हणून दोनदा उकलला. आपल्याकडे पहिल्या दिवशी मुले रडतात. इथली तो सावरण्यातच गुंतलेली असतात.

युंगे सरकारी स्टुडिओत पगारावर होते, असे तुम्ही म्हणाल, आणि ते खरे आहे. परंतु देशापाठोपाठ तो स्टुडिओही गेला, तरी त्यांनी आणि संकलक पत्नी बार्बरा यांनी काम अर्ध्यावर सोडले नाही. मलाही संकलनात सहायकाचे काम मिळते आहे. अगदीच रिकामा बसलेलो नाही.

कर्जाचा या महिन्याचा हप्ता भरला आहे, पुढचा मात्र बाबांना भरावा लागेल. साताऱ्याच्या स्थळाला आता ताटकळत ठेवू नका. माझा नकार कळवा आणि दोष माझ्याच माथी घाला. ताईच्या साखरपुड्याला येणे जमत नाही. तिच्या साडीसाठी थोडे पैसे पाठवले आहेत, ते हप्त्यात वळवू नका. चित्रीकरण करणाऱ्याला मोबाईल आडवा धरायला सांगा, आणि आजीला पुढच्या रांगेत बसवा.

तुमचा,
धाकटा