व्हिएतनामला जाताय तर एक दिवस सतराव्या अक्षांशासाठी ठेवा

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या पुरवणीत व्हिएतनामवरचा लेख वाचला, फोटो सुंदर होते, पण वाचून झाल्यावर मन थोडं खट्टू झालं म्हणून हे पत्र. हालाँग बेची क्रूझ, बा ना हिल्सवरचा तो हातांनी धरलेला सोनेरी पूल, होई आनचे कंदील, हे सगळं आलं आणि ते बघण्यासारखं आहेच, आम्ही पण बघितलं. पण ज्या देशात एवढं मोठं युद्ध झालं त्याबद्दल लेखात मोजून दोन ओळी होत्या आणि कू चीच्या (हो ची मिन्ह सिटीजवळची युद्धकाळातली भुयारं) भुयारातून डोकं बाहेर काढलेल्या एका हसऱ्या पर्यटकाचा फोटो. आता आपली इतकी माणसं तिकडे जायला लागली आहेत, आणि टूरवाल्यांच्या इटिनररीत पण हेच असतं, म्हणून मला जे दिसलं ते सविस्तर सांगावंसं वाटतंय.

आम्ही दोघं गेल्या वर्षी ग्रुप टूरने गेलो होतो. कंपनीचं नाव लिहीत नाही, जेवणखाण राहणं सगळं उत्तम होतं. ग्रुपमध्ये 38 जण. हो ची मिन्ह सिटीतून बसने कू चीला पोचायला दीड-दोन तास लागले आणि तिथे मिळाली 40 मिनिटं, त्यातली दहा टॉयलेटच्या रांगेत गेली. गाइड पुढे माइकवर बोलत होता, मागच्या वीस जणांना एक अक्षर ऐकू येत नव्हतं. झाकण उघडून त्या चौकोनी भोकात उतरायचं, फोटो काढायचा, पुढचा चला. शेवटी उकडलेला कसावा दाण्याच्या कुटासोबत दिला, तो खाताना कुणीतरी म्हणालं की हे काय साबुदाण्याचंच कंद ना, आणि बस सुटली. ही भुयारं 1940 च्या दशकात फ्रेंचांविरुद्धच्या लढाईपासून खणायला सुरुवात झाली, पुढे अमेरिकेच्या काळात वाढत वाढत त्यांचं जाळं 200 किलोमीटरच्या वर गेलं, स्वयंपाकाचा धूर एका ठिकाणी दिसू नये म्हणून तो लांब लांब चरांमधून पांगवून जमिनीलगत सोडायचे, हे सगळं मला नंतर कळलं. म्हणजे मी जिथे उभी होते त्या जागेबद्दल मला घरी येऊन वाचावं लागलं! आणि आत असताना सतत गोळीबाराचा आवाज येत होता तो कसला म्हणून विचारलं तर कळलं शेजारीच शूटिंग रेंज आहे, पैसे भरून पर्यटक खऱ्या रायफलने गोळ्या मारतात. ते मला अजिबात आवडलं नाही, अजूनही आठवलं की कसंतरी होतं.

आमच्या टूरचा शेवटचा मुक्काम दा नांग होता. तिथून ग्रुप परत गेला आणि आम्ही आधीच तिकीट पुढे ढकललं होतं म्हणून तीन दिवस मागे राहिलो, रेल्वेने हुएला गेलो (ही गाडी हाय वान घाटातून समुद्राच्या कडेकडेने जाते, जमलं तर डावी-उजवी बघून समुद्राकडची सीट घ्या). हुए म्हणजे न्गुएन राजांची राजधानी, 1802 ते 1945. तिथे राजवाडा आहे, राजांच्या समाध्या आहेत, त्यावर पुष्कळ लिहिलं गेलंय, मी नाही लिहीत. मी लिहिणार आहे ते हुएहून आम्ही एक दिवस गाडी आणि गाइड फक्त आमच्यासाठी घेऊन उत्तरेला क्वांग त्रीमध्ये गेलो त्याबद्दल.

सकाळी सातला निघालो. गाइड चाळिशीचा, गळ्यात लायसनचं कार्ड, इंग्लिश सावकाश आणि स्पष्ट. ड्रायव्हर काकांना इंग्लिश येत नव्हतं, ते मला हाक मारताना नुसतं "ओ" म्हणायचे, मला वाटलं आपल्यासारखंच "ओ ताई" मधलं ओ असेल, गाइड म्हणाला नाही, आमच्या हुएकडे आत्याला ओ म्हणतात. मग दिवसभर मी त्यांची आत्याच झाले.

पहिल्यांदा हिएन लुओंगचा पूल. खरं सांगते, गाडीतून उतरल्यावर मला काहीच वाटलं नाही. छोटी शांत नदी, बेन हाय तिचं नाव, दोन्ही बाजूला भातशेती, एक जुन्या पद्धतीचा अरुंद पूल अर्धा निळा अर्धा पिवळा, बाजूने नवा रस्त्याचा पूल त्यावर ट्रक चाललेत. ग्रुपबरोबर असते तर पाच मिनिटांत फोटो काढून परत बसमध्ये बसले असते. पण गाइडने आम्हाला पुलाच्या बरोबर मध्ये नेलं, जिथे रंग बदलतो तिथे, आणि म्हणाला एक पाय इकडे एक पाय तिकडे ठेवा, आणि मग सांगायला लागला. 1954 साली जिनिव्हाचा करार झाला, सतराव्या अक्षांशाजवळ या नदीवर रेघ ओढली, वर कम्युनिस्टांचा उत्तर व्हिएतनाम, खाली अमेरिकेच्या पाठिंब्याचा दक्षिण व्हिएतनाम, ती तात्पुरती होती, 1956 मध्ये निवडणूक घेऊन देश एक करायचा ठरलं होतं, निवडणूक झालीच नाही आणि दोन वर्षांची रेघ 21 वर्षं राहिली. नवरा उत्तरेला बायको दक्षिणेला, आई इकडे लेक तिकडे अशी घरं तुटली. दक्षिणेकडच्यांनी पुलाच्या आपल्या अर्ध्याला वेगळा रंग लावला की उत्तरेकडचे लगेच आपल्या अर्ध्याला तोच रंग लावायचे, कारण त्यांना पूल एकाच रंगाचा दिसायला हवा होता. एका बाजूने झेंड्याचा खांब उंच केला की दुसरी बाजू त्याहून उंच करायची. लाउडस्पीकर लावून एकमेकांवर भाषणं आणि गाणी सोडायचे. मूळ पूल 1967 मध्ये बॉम्बने पडला, आत्ताचा पुन्हा उभारलेला आहे.

आणि मग तो म्हणाला, तुमच्या देशाची माणसं पण इथे होती. मला काही कळेना. तर करार पाळला जातोय की नाही हे बघायला जे आंतरराष्ट्रीय कमिशन नेमलं त्यात कॅनडा, पोलंड आणि भारत असे तीन देश होते आणि अध्यक्षपद भारताकडे होतं! मी शिकलेली बाई, रोज पेपर वाचणारी, मला हे माहीत नव्हतं. आपले अधिकारी त्या फाळणीच्या रेषेवर देखरेख करत होते, आपली स्वतःची फाळणी होऊन जेमतेम सात वर्षं झाली होती तेव्हा. मी पुलावर उभी राहून हाच हिशोब करत होते आणि माझे मिस्टर, जे फारसे बोलत नाहीत, ते त्याला एकामागून एक प्रश्न विचारायला लागले. आम्ही तिथे तासभर होतो. कुणी घाई केली नाही, कुणी शिट्टी वाजवून बसमध्ये बोलावलं नाही.

तिथून विन्ह मोक. हे समुद्रकाठचं गाव, रेघेच्या उत्तरेला. कू ची आणि हे यात फार फरक आहे आणि तो कुणी सांगत नाही. कू ची लढणाऱ्यांचं, विन्ह मोक राहणाऱ्यांचं. वरून बॉम्ब पडत होते म्हणून 1960 च्या दशकात अख्खं गाव जमिनीखाली गेलं, तीन मजले, सगळ्यात खालचा 23 मीटर खोल, तिथली लाल चिकट माती हत्याराने खणायची आणि ती वरून विमानातून दिसू नये म्हणून समुद्रात नेऊन टाकायची. बाहेर पडायला 13 तोंडं, त्यातली 7 समुद्राकडे उघडणारी. आत उभं राहून चालता येतं, माझ्यासारख्या पाच फुटी बाईला वाकावं पण लागलं नाही, मिस्टरांना मात्र मान खाली घालावी लागली. दोन्ही बाजूला भिंतीत खोदलेले कोनाडे आहेत. गाइडने टॉर्च त्या एका कोनाड्यात धरला आणि म्हणाला, हे एका कुटुंबाचं घर. मी हाताने मापून बघितलं, एक पाय पसरून बसले तर तो भिंतीला टेकला. आई, बाप, पोरं, सगळे यात. हात लावला तर भिंत गार आणि ओलसर, बोटांना माती लागत नव्हती, इतकी घट्ट. थोडं पुढे बाळंतपणाची खोली, या भुयारात 17 मुलं जन्मली. गाइडने टॉर्च बंद केला आणि म्हणाला एक मिनिट बोलू नका. पूर्ण काळोख. पाणी टिपकल्याचा आवाज आणि आमचे श्वास. मी दोन बाळंतपणं केलेली बाई, मला त्या एका मिनिटात जे वाटलं ते लिहिता येणार नाही. आणि मग चालत चालत एका तोंडातून बाहेर आलो तर समोर एकदम समुद्र, ऊन, लाटा.

खरं तर आमच्या कार्यक्रमात त्यानंतर खे सान होतं, लाओसच्या बाजूचा अमेरिकेचा तळ, 1968 मध्ये 77 दिवस वेढा पडला होता तो. पण गाइड म्हणाला तिथे जायला यायला बराच वेळ जाईल, हवं तर जाऊ, किंवा त्याऐवजी त्रुओंग सोनचं स्मशान दाखवतो. निर्णय आम्ही घ्यायचा! प्रायव्हेट टूरचा खरा फायदा मला इथे कळला. खे सान राहिलं पण मला त्याचं वाईट वाटत नाही.

त्रुओंग सोन म्हणजे हो ची मिन्ह ट्रेलवर (उत्तरेकडून दक्षिणेत सैनिक आणि रसद नेण्याची वाट) गेलेल्यांचं स्मशान, दहा हजारांच्या वर थडगी, प्रांताप्रांताप्रमाणे रांगा. पुष्कळ दगडांवर नावच नाही, तिथे व्हिएतनामीत लिहिलंय की या हुतात्म्याचं नाव अजून कळलेलं नाही. "अजून" हा शब्द गाइडने दोनदा सांगितला. गाडीच्या डिकीतून त्याने उदबत्त्यांचा पुडा काढला आणि आम्हाला तीन तीन दिल्या. त्याचा मामा उत्तरेच्या सैन्यात होता, परत आला नाही, कुठे गेला माहीत नाही, म्हणून तो दर वेळी एका वेगळ्या बिननावाच्या दगडापुढे उदबत्ती लावतो. आणि परत गाडीत बसल्यावर, बराच वेळ गप्प राहून, म्हणाला की माझे वडील मात्र दक्षिणेच्या सैन्यात होते, त्यांच्या बरोबरच्यांसाठी असं स्मशान इथे नाही. एवढंच. पाटीवर एक बाजू लिहिलेली असते, म्युझियममध्ये एक बाजू असते, ते त्यांच्या देशाचं आहे मी त्यावर बोलणार नाही, पण त्या माणसाच्या एका घरात दोन्ही बाजू होत्या आणि 38 जणांसमोर माइकवर तो हे कधीच बोलला नसता.

आता ज्यांना जायचंय त्यांच्यासाठी काही गोष्टी लिहिते. बुक करताना नीट विचारा की नुसता इंग्लिश बोलणारा ड्रायव्हर आहे की वेगळा लायसनवाला गाइड आहे, कारण दोन्हीला प्रायव्हेट टूरच म्हणतात आणि स्वस्तवाल्यात बहुतेक वेळा ड्रायव्हरच असतो, तो बिचारा गेटपाशी सोडतो आणि बाहेर थांबतो. व्हिएतनामच्या कायद्याने गाइडकडे कार्ड असावंच लागतं आणि ते तिथल्या नागरिकालाच मिळतं, म्हणजे आपल्याबरोबर आलेला टूर मॅनेजर कितीही हुशार असला तरी तिथे तो गाइड नाही. तिकिटं, जेवण धरलंय का ते मेसेजवर लिहून घ्या. शाकाहारी असाल तर "आन चाय" हे दोन शब्द पाठ करा, हुएकडे बौद्ध लोक पुष्कळ असल्यामुळे शुद्ध शाकाहारी जेवण छान मिळतं, गाइडला आदल्या दिवशी सांगून ठेवा. पैसे देताना 20 हजार डाँग आणि 500 हजार डाँगच्या नोटा दोन्ही निळ्या आहेत, शून्यं मोजून द्या. क्वांग त्रीमध्ये अजून न फुटलेले बॉम्ब जमिनीत सापडतात, तेव्हा पायवाट सोडून शेतात फोटोसाठी शिरू नका, हे मी फार गंभीरपणे सांगते. ऑक्टोबर-नोव्हेंबरला त्या भागात धो धो पाऊस असतो, टाळा. आणि ज्यांचे गुडघे दुखतात त्यांनी विन्ह मोकच्या पायऱ्या जपून, ओल्या असतात.

खर्च ग्रुपपेक्षा जास्त येतो हे खरं आहे. पण गाडी चौघांत वाटली तर फार नाही, आणि आपण शॉपिंगला जेवढे घालवतो त्यापुढे काहीच नाही.

टूर कंपन्यांना तुमच्या पेपरमधून विनंती करायची आहे की दा नांगला तीन रात्री देता त्यातली एक हुएला द्या, आणि हा दिवस निदान ऐच्छिक म्हणून तरी इटिनररीत लिहा, ज्यांना बा ना हिल्सला दिवसभर राहायचंय ते राहतील. आणि तुम्हाला विनंती की पुरवणीत कधीतरी त्या कमिशनवर, तिथे काम केलेल्या आपल्या अधिकाऱ्यांवर एक मोठा लेख छापा. त्यांच्यापैकी कुणाच्या घरी जुनी पत्रं, फोटो असतील तर तुमच्या आवाहनाने ते बाहेर येतील. हुएच्या त्या गाइडने मला विचारलं होतं की तुमच्याकडे लोकांना याबद्दल काय आठवतं, आणि मला उत्तर देता आलं नाही.

आपली,
एक नियमित वाचक