जन्मतारखेला वेळ चिकटवू नका

संपादक महोदय,

सप्रेम नमस्कार.

ऑनलाइन अर्जात २ जून अशी जन्मतारीख भरली आणि छापील प्रतीवर १ जून आली, अशी तक्रार घेऊन गेलं की खिडकीपलीकडून दोनच उत्तरं मिळतात. एक, 'सर्व्हरचा प्रॉब्लेम आहे'. दुसरं, 'तुमच्याकडूनच चुकीची भरली गेली असेल'. दोन्ही चुकीची आहेत. सर्व्हर त्याला सांगितलं तेच करतो आणि अर्जदारानेही तारीख बरोबरच भरलेली असते. दोष प्रोग्राममध्ये असतो. सॉफ्टवेअर व्यवसायातल्या माणसांना तो चांगला ओळखीचा आहे, त्याचं कारण पूर्ण माहीत आहे आणि तो टाळायची साधनंही हाताशी आहेत. तरीही नव्या पोर्टलवर तो पुन्हा उगवतो, म्हणून हे पत्र.

जन्मतारीख म्हणजे वर्ष, महिना आणि दिवस. तिला वेळ नसते. पण अनेक प्रोग्रामिंग भाषांमध्ये तारखेसाठी जो जुना प्रकार आहे, त्यात नुसती तारीख ठेवताच येत नाही. तो प्रकार प्रत्यक्षात एक क्षण साठवतो : १ जानेवारी १९७० च्या ग्रीनिच मध्यरात्रीपासून किती मिलिसेकंद झाले, तो आकडा. जावास्क्रिप्टमधला 'डेट' असाच आहे, जावामधला जुना 'डेट'ही असाच. मग प्रोग्रामर १५ मार्च १९९२ या तारखेला मध्यरात्रीचे शून्य वाजून शून्य मिनिटं अशी वेळ जोडतो आणि पुढे जातो. इथपर्यंत काही बिघडत नाही. बिघडतं ते हा क्षण दुसऱ्या संगणकाकडे पाठवताना.

भारतीय प्रमाणवेळ ग्रीनिचच्या साडेपाच तास पुढे आहे. त्यामुळे इथे १५ मार्चची मध्यरात्र होते तेव्हा ग्रीनिचच्या हिशेबाने १४ मार्चचे १८:३० वाजलेले असतात. ब्राउझरमधून माहिती पाठवताना जावास्क्रिप्ट तारखेचं रूपांतर आपोआप 'टूआयएसओस्ट्रिंग' या फंक्शनने करतं आणि ते फंक्शन नेहमी ग्रीनिचची वेळ लिहितं. म्हणजे जे निघतं ते '१९९२-०३-१४टी१८:३०:००.०००झेड'. पलीकडचा सर्व्हर यातली पहिली दहा अक्षरं उचलतो आणि डेटाबेसमध्ये १४ मार्च नोंदवतो. कुठेही त्रुटीचा संदेश येत नाही, लॉगमध्ये काही दिसत नाही, अर्जाचा क्रमांकसुद्धा व्यवस्थित मिळतो.

याच्या उलट प्रकार इथे बसून सापडत नाही. '१९९२-०३-१५' हा मजकूर थेट 'डेट'ला दिला, तर जावास्क्रिप्ट त्याला ग्रीनिचची मध्यरात्र मानतं. तो क्षण आपल्याकडे १५ मार्चचे पहाटेचे साडेपाच असतो, तारीख तीच राहते, टेस्टिंगमध्ये सगळं हिरवं. तेच पान न्यूजर्सीतल्या कुणी उघडलं की तिथे १४ मार्चची संध्याकाळ, म्हणून तारीख १४ दिसते. गंमत नव्हे, पण त्याच मजकुरापुढे वेळ लिहिली आणि वेळ-विभाग (टाइम झोन) लिहिला नाही, तर भाषा तो क्षण स्थानिक धरते. दोन नियम, एकच फंक्शन. शिवाय आकडे देऊन तारीख बनवली तर महिने शून्यापासून मोजायचे : मार्च म्हणजे २. या प्रकाराबद्दल माझं मत स्पष्ट आहे : जन्मतारखेसाठी तो वापरूच नये.

एका दिवसाने काय फरक पडतो, असं विचारणाऱ्यांनी सेवानिवृत्तीचा नियम वाचावा. राज्य सरकारच्या बहुतेक कर्मचाऱ्यांना ५८ वर्षं ज्या महिन्यात पूर्ण होतात त्या महिन्याच्या शेवटच्या दिवशी निवृत्ती मिळते. पण जन्म १ तारखेचा असेल, तर आधीच्या महिन्याच्या शेवटच्या दिवशी. २ जून १९६९ ला जन्मलेली व्यक्ती ३० जून २०२७ ला निवृत्त होईल. तीच तारीख एक दिवस मागे सरकून १ जून झाली, तर ३१ मे २०२७ ला. पूर्ण एक महिन्याची नोकरी आणि पगार गेला. आणि १ जून ही जन्मतारीख महाराष्ट्रात किती जणांच्या दाखल्यावर आहे ते सांगायला नको. शाळा जूनमध्ये भरायच्या, नेमकी तारीख घरी माहीत नसायची, गुरुजी १ जून लिहून मोकळे व्हायचे. ती सरकून ३१ मे झाली तर निवृत्ती तीच राहते, पण आधार, पॅन आणि सेवापुस्तक यांचा मेळ बसत नाही. संगणक तारखा ताडून पाहताना एक दिवसाची सूट देत नाही. स्पर्धा परीक्षांच्या कमाल वयोमर्यादेच्या काठावर असलेला उमेदवार तर एका दिवसाने थेट अपात्र ठरतो.

ज्येष्ठांच्या नोंदींमध्ये आणखी एक खाच आहे. दुसऱ्या महायुद्धात भारतातली घड्याळं एक तास पुढे केली होती. १ सप्टेंबर १९४२ ते १५ ऑक्टोबर १९४५ या काळात आपली वेळ ग्रीनिचच्या साडेसहा तास पुढे होती. संगणकांच्या वेळ-विभागांच्या यादीत 'एशिया/कोलकाता' या नावाखाली हा बदल नोंदलेला आहे. त्यामुळे १० जून १९४४ ची मध्यरात्र ग्रीनिचमध्ये बदलली की ९ जूनचे १७:३० येतात. परत वाचताना कुणी 'भारत म्हणजे साडेपाच तास' असं गृहीत धरून सरसकट तेवढे मिळवले, तर ९ जूनचे २३:०० होतात. त्यामुळे १९५० साली जन्मलेल्यांची तारीख बरोबर आणि १९४४ च्या लोकांची एक दिवस मागे, असा विचित्र प्रकार दिसतो. निवृत्तिवेतनाच्या यादीत काही ठरावीक वर्षांच्याच तारखा चुकत असतील, तर पहिल्यांदा इथे बघावं.

'आजची तारीख' हाही असाच विषय. भाड्याने घेतलेले बहुतेक सर्व्हर ग्रीनिचच्या वेळेवर लावलेले असतात, मग ते यंत्र मुंबईत का असेना. पायथॉनमधलं 'डेट.टुडे' त्या यंत्राची तारीख सांगतं. रात्री बारा ते पहाटे साडेपाच या काळात ती आपल्या दृष्टीने कालची असते. १ एप्रिलला पहाटे काढलेली पावती ३१ मार्चच्या तारखेने, म्हणजे मागच्या आर्थिक वर्षात पडते. यावर इलाज सर्व्हरचं घड्याळ बदलणं हा नाही, कारण पुढच्या वेळी सर्व्हर बदलला की दोष परत येतो. प्रोग्राममध्येच वेळ-विभागाचं नाव देऊन 'आज' विचारावं. पायथॉनच्या ३.९ आवृत्तीपासून त्यासाठीचं 'झोनइन्फो' सोबतच मिळतं. जावामध्ये 'लोकलडेट.नाऊ'ला 'एशिया/कोलकाता' द्यायचं. पोस्टग्रेस या डेटाबेसमधलं 'करंट डेट' त्या जोडणीच्या वेळ-विभागावर चालतं, तो विभाग आधी लावून घ्यायचा.

अर्जाची अंतिम मुदत मात्र खरोखर क्षण असते आणि नेमकी तिथे नुसती तारीख ठेवली जाते. '३१ जुलैपर्यंत' याचा अर्थ नागरिकाच्या लेखी ३१ जुलैचा पूर्ण दिवस. प्रोग्राममध्ये ती ३१ जुलै ००:०० अशी ठेवली, तर खिडकी ३० तारखेच्या रात्रीच बंद होते. ग्रीनिचवर चालणाऱ्या सर्व्हरने तारखांची तुलना केली, तर ती १ ऑगस्टच्या पहाटे साडेपाचपर्यंत उघडी राहते. मुदत '१ ऑगस्ट, ००:००, एशिया/कोलकाता, याच्या आधी' अशी लिहावी. ऑरॅकल या डेटाबेसमध्ये हाच घोळ वेगळ्या दाराने येतो. तिथल्या 'डेट' प्रकारात नाव तारखेचं असलं तरी सेकंदापर्यंतची वेळ साठते. '१ एप्रिल ते ३१ मार्चच्या दरम्यान' अशी विचारणा केली, की ३१ मार्चला मध्यरात्रीनंतर झालेले सगळे व्यवहार अहवालातून गळतात. १ एप्रिल किंवा त्यानंतर, आणि पुढच्या १ एप्रिलच्या आधी, अशी अट टाकली तर गळत नाहीत. वेळ कापणारं 'ट्रंक' लावूनही उत्तर बरोबर येतं, पण त्या रकान्यावरचा साधा इंडेक्स (शोध-सूची) मग वापरला जात नाही आणि मोठ्या तक्त्यावर अहवाल रखडतो.

वय काढतानाही दिवसांना ३६५.२५ ने भागायची सवय आहे. १ मार्च २००५ ते १ मार्च २०२३ या काळात ६,५७४ दिवस होतात. भागाकार येतो १७.९९, आणि अपूर्णांक टाकला की अठराव्या वाढदिवशी वय १७ दिसतं. सज्ञानता कायदा १८७५ सांगतो की अठराव्या वाढदिवसाचा दिवस सुरू होताच व्यक्ती सज्ञान होते. वर्षांची वजाबाकी करावी आणि यंदाचा महिना-दिवस अजून आला नसेल तर एक कमी करावा, बस. २९ फेब्रुवारीच्या जन्माचा वाढदिवस इतर वर्षी २८ ला धरायचा की १ मार्चला, हे मात्र प्रोग्रामरने आपल्या मनाने ठरवू नये. संबंधित सरकारी विभागाने लेखी सांगावं.

एक्सेलबद्दल थोडक्यात. ०३/०४/१९९८ ही ३ एप्रिल आहे, पण संगणकाची मांडणी अमेरिकी असेल तर यादी उघडताच ती ४ मार्च होते. १५/०४/१९९८ ला पंधरावा महिना नसल्याने ती मजकूर म्हणून तशीच राहते. त्यामुळे यादीतल्या काही तारखा गुपचूप उलटतात आणि काही डावीकडे चिकटून दिसतात. रकान्यात अशी डावी-उजवी सरमिसळ दिसली, तर ती फाइल पुढे पाठवू नये. मूळ फाइल मागवून तो रकाना मजकूर म्हणून आयात करावा.

उपाय अवघड नाही. जन्मतारखेचा क्षण बनवूच नये. ब्राउझरमधला तारखेचा रकाना मुळात '१९९२-०३-१५' असा मजकूरच देतो. तोच मजकूर जसाच्या तसा सर्व्हरकडे पाठवावा. सर्व्हरवर तारखेचा खास प्रकार वापरावा. जावामध्ये 'लोकलडेट' २०१४ पासून आहे, डॉटनेटमध्ये 'डेटओन्ली' २०२१ पासून. पायथॉनमध्ये 'डेट' वेगळा आहेच, फक्त 'डेटटाइम' हा त्याचाच उपप्रकार असल्यामुळे 'ही तारीख आहे का' या तपासणीतून वेळ असलेलं मूल्यही पार होतं, तेवढं वेगळं तपासावं. जावास्क्रिप्टसाठी 'टेम्पोरल' या नव्या तारीख-सुविधेतला 'प्लेनडेट' याच कामासाठी आहे. फायरफॉक्समध्ये तो मे २०२५ पासून मिळतो. सगळे ब्राउझर तो देईपर्यंत मजकूर पुरेसा आहे. डेटाबेसमध्ये पोस्टग्रेसचा 'डेट' ४ बाइटचा, वेळेसकटचा प्रकार ८ बाइटचा. म्हणजे योग्य तो प्रकार निवडला तर जागासुद्धा वाचते.

निविदा काढणाऱ्या विभागांनी स्वीकृती चाचणीत हे कलम घालावं : १ जानेवारी, २९ फेब्रुवारी, १ जून आणि १० जून १९४४ या जन्मतारखा भरून, जतन करून, पुन्हा उघडून आणि छापून बघायच्या. संगणकाचा वेळ-विभाग एकदा कोलकाता, एकदा लॉस एंजेलिस, एकदा ऑकलंड ठेवायचा, आणि सर्व्हरचं घड्याळ भारतीय वेळेने एकदा ००:१५ व एकदा ०५:४५ वर. सगळं मिळून एका दुपारचं काम.

ज्या नोंदी आधीच बिघडल्या आहेत, त्यांचं काय? रकान्यात वेळ शिल्लक असेल तर १८:३० ही खूण पुरते. अशा नोंदींना 'एशिया/कोलकाता' वेळ-विभाग लावून पुन्हा तारीख काढावी, युद्धकाळातल्या १७:३० च्या नोंदीही त्यातच सुटतात. वेळ कापून फक्त तारीख ठेवली असेल, तर सरसकट एक दिवस मिळवू नये, कारण काही नोंदी दुसऱ्या मार्गाने येऊन बरोबरही असतात. तिथे अर्जासोबत अपलोड केलेला जन्मदाखला किंवा शाळा सोडल्याचा दाखला उघडून विभागाने स्वतः पडताळणी करावी. ही कागदपत्रं विभागाकडे आहेतच. त्यासाठी नागरिकाकडून प्रतिज्ञापत्र मागणं आणि दुरुस्तीचं शुल्क घेणं ताबडतोब थांबवावं.

आपला,
एक सॉफ्टवेअर अभियंता, पुणे