रविवारच्या शोची आठवण

सभासदांनो, येत्या रविवारी संध्याकाळी साडेसहाला, सात रस्त्याजवळच्या नेहमीच्या हॉलमध्ये अमेरिकी विनोदवीर बस्टर कीटनचा ‘नेबर्स’ (१९२०) दाखवतोय. मूकपट, जेमतेम १८ मिनिटांचा. म्हणजे ‘सोलापूर टाइम’ने, उशिरा आलात तर थेट सिनेमातल्या लग्नालाच पोचाल!

दोन इमारती, मध्ये लाकडी कुंपण, इकडे पोरगा (कीटन), तिकडे पोरगी, फळीच्या भोकातून प्रेमाच्या चिठ्ठ्या आणि दोन्ही घरच्यांची अखंड लुडबुड. मिलच्या चाळीत वाढलेल्यांना वेगळं सांगायला नको. पोराच्या बापाचं काम कीटनच्या सख्ख्या वडिलांनीच केलंय. कीटन आणि त्याचे दोन साथीदार असे तिघं एकमेकांच्या खांद्यावर उभे राहून पोरीच्या खिडकीपर्यंत पोचतात, तेवढ्यासाठी तरी याच. लहान पोरांना जरूर आणा. सिनेमानंतर शेंगाचटणी-भाकरी आहे. येणाऱ्यांनी शनिवारपर्यंत ग्रुपवर नाव टाका. वर्गणी राहिलेल्यांनी दारातच द्यावी.