बिनपगारी रजा आणि पेन्शन : सर्विस बुक बघून घ्या

मंडळी नमस्कार, खडकी-देहूरोडकडच्या आपल्या सेंट्रलवाल्या (केंद्र सरकारच्या नोकरीतल्या) मेंबरांचे परत परत तेच फोन येतायत म्हणून एकदाच लिहितोय, बिनपगारी रजा म्हणजे ईओएल (एक्स्ट्राऑर्डिनरी लीव्ह) पेन्शनच्या नोकरीत धरतात का? मेडिकल सर्टिफिकेटवर घेतली असेल तर धरतात. घरगुती कारणाने घेतली असेल तर नाही. दंगल वगैरेमुळे हजर होता आलं नाही किंवा सायन्स-टेक्निकलचं वरचं शिक्षण घेतलं तर रजा मंजूर करतानाच साहेब ती धरायला परवानगी देऊ शकतात, नंतर विनवण्या करून काही होत नाही.

आता लोक म्हणतात दहा वर्षं झाली की पेन्शन अर्धा पगार मिळतेच, मग सहा महिने गेले तर काय बिघडलं? अहो, ग्रॅच्युइटी (निवृत्तीची एकरकमी रक्कम) जाते ना! नोकरीच्या दर सहामाहीमागे बेसिक अधिक डीए (महागाई भत्ता) याचा पाव हिस्सा, म्हणजे ते लाखभर असेल तर पंचवीस हजारांना चाट. ग्रॅच्युइटीला जास्तीत जास्त तेहतीस वर्षंच धरतात, तेवढी तरीही भरत असतील तर प्रश्न नाही.

एनपीएसवाल्यांचं (नव्या पेन्शन योजनेतल्यांचं) वेगळं, पगार नाही तर त्या महिन्याचं आपल्या पगारातून कापलं जाणारं काँट्रिब्युशनही नाही.

माझ्या स्वतःच्या बुकात १९९८ च्या रजेपुढे नुसतं 'ईओएल' खरडलं होतं, मेडिकलचा म पण नाही, सर्टिफिकेटची झेरॉक्स घरच्या ट्रंकेत सापडली म्हणून वाचलो.

अठरा वर्षं झालेल्यांनी ऑफिसकडून क्वालिफाइंग सर्विसचं (म्हणजे पेन्शनला धरलेल्या नोकरीचं) सर्टिफिकेट मागून घ्या. शनिवारी पाचला नेहमीच्या जागी बसतोय, सर्विस बुकची कॉपी आणा, मोबाईलवरचा अंधुक फोटो नको.