सातव्या कोनातला देव

ती. आई-बाबा,
सा. न.

फोनवर तुम्ही दोघं एकाच वेळी बोलत होतात, त्यामुळे माझं उत्तर धड झालं नाही. आई म्हणत होती, "देव काय कोणीही उठून बनवायचे का?" आणि बाबांचं चाललं होतं की बिचाऱ्या भूमितीला यात कशाला ओढतेस. म्हणून सविस्तर लिहिते. मी कादंबरी लिहितेय, पंथ काढत नाहीये, हे आधीच सांगून टाकते. आईने एव्हाना मावशीला काय काय सांगितलं असेल याची मला धास्ती आहे.

कादंबरीतली माणसं आकृत्यांना पूज्य मानतात. यात माझं नवीन काही नाही. पायथागोरसचे अनुयायी एक, दोन, तीन, चार अशा ओळींत मांडलेल्या दहा ठिपक्यांच्या त्रिकोणाची शपथ घ्यायचे. प्लेटोने अग्नीला चतुष्फलक (चार सपाट बाजूंची घनाकृती) दिला, पृथ्वीला घन, हवेला अष्टफलक, पाण्याला वीस फलकांची आकृती आणि उरलेली बारा फलकांची अख्ख्या विश्वासाठी ठेवली. खगोलशास्त्रज्ञ केप्लरने १५९६ साली त्याच पाच आकृत्या तेव्हा ठाऊक असलेल्या सहा ग्रहांच्या मधल्या पाच जागांत बसवल्या आणि देवाचा नकाशा सापडला म्हणून हरखून गेला. पुढे मंगळाच्या निरीक्षणांशी झगडताना त्यालाच कक्षा लंबवर्तुळ निघाली, तरी त्या पाच आकृत्यांवरचा जीव काही सुटला नाही. मला हा माणूस फार आवडतो.

आई, तुला मोबाइलवर येतात ते शंखाचे आणि 'सुवर्ण गुणोत्तरा'चे फोटो मात्र मी बाजूला ठेवलेत. सूर्यफुलात बियांच्या वळत जाणाऱ्या रांगांची, म्हणजे सर्पिलांची, एका दिशेला ३४ आणि दुसरीला ५५ ही जोडी खरी आहे, ती खुशाल बघ. पण नॉटिलसचा शंख एका वेढ्यात साधारण तिप्पट वाढतो आणि सुवर्ण गुणोत्तरावरून, म्हणजे १.६१८ वरून, काढलेली सर्पिल जवळजवळ सातपट. दोन्हींचा काही संबंध नाही. आणि समजा सगळं तंतोतंत जुळलं असतं, तरी मला ते चाललं नसतं. ज्या धर्मात सगळंच जुळतं तिथे माणसाला करायला काय उरतं? नुसती मान डोलवायची.

म्हणून मी न जमणाऱ्या आकृतीकडे गेले. बाबा, तुम्हाला ठाऊकच आहे: नुसती पट्टी आणि कर्कटक घेऊन सुसम, म्हणजे सगळ्या बाजू आणि कोन सारखे असलेले, त्रिकोण, चौरस, पंचकोन, षटकोन काढता येतात. सप्तकोन येत नाही. गणितज्ञ गाउसने १७९६ साली, जेमतेम अठराव्या वर्षी, सतरा बाजूंची सुसम आकृती काढता येते हे दाखवलं, पण सातची येत नाही ती नाहीच. १८३७ मध्ये वांत्झेल या फ्रेंच गणितज्ञाच्या सिद्धतेने तो विषय कायमचा मिटला. केप्लरने तर १६१९ च्या ग्रंथात असं मांडलं होतं की सप्तकोन असा रचता येत नाही, म्हणूनच देवाने जग घडवताना तो वापरला नाही. मी त्याचं वाक्य उलटं केलं. माझी माणसं म्हणतात, देवाने सगळं जग आपल्याला काढता येतील अशा आकृत्यांनी भरलं आणि स्वतः सप्तकोनात जाऊन बसला.

आता पूजा. हे तुम्ही कागदावर करून बघा. वर्तुळ काढा. परिघावर एक बिंदू घ्या, कर्कटकाची फाक न बदलता तिथून कंस मारा. तो परिघाला दोन ठिकाणी छेदतो, ते दोन बिंदू जोडा. ही झाली आतल्या समभुज त्रिकोणाची बाजू. तिच्या निम्मी फाक घ्या आणि परिघावर सात पावलं टाका. सातवं पाऊल पहिल्या बिंदूच्या अगदी जवळ येतं आणि किंचित अलीकडे थांबतं. ३६० अंशांपैकी पाऊण अंशाहून थोडं जास्त उरतं. दहा सेंटिमीटर त्रिज्येला ही फट सव्वा मिलिमीटरच्या थोडी वर जाते, म्हणजे पेन्सिलीला टोक असेल तर स्पष्ट दिसते.

ही फट म्हणजे त्यांचा गाभारा. तिच्यात रेघ ओढायची नाही, शेवटचं पाऊल ढकलून बिंदूवर आणायचं नाही. ढकलणं हेच त्यांच्याकडे सगळ्यांत मोठं पाप. अंगचोर लोक लहान वर्तुळ काढतात, कारण एक सेंटिमीटर त्रिज्येला फट पेन्सिलीच्या रेघेतच गडप होते आणि "माझा जुळला" म्हणायला मोकळे. म्हणून नियम असा की त्रिज्या वीतभर हवी. वीतभर त्रिज्येला तीन मिलिमीटर फट पडते, ती लपवता येत नाही.

धर्म म्हटला की फाटाफूट आलीच. सुधारक म्हणतात, आणखी चार पायऱ्या वाढवल्या तर फट कमी होते. होतेच, पण शून्य कधीच होत नाही, त्यामुळे त्यांची भांडणं पिढ्यान्‌पिढ्या चालतात. खरे पाखंडी वेगळेच, त्यांना 'घडीवाले' म्हणतात. कागदाला घड्या घालून सप्तकोन अचूक करता येतो, कारण ज्या समीकरणापुढे पट्टी-कर्कटक हात टेकतात ते घडीला सुटतं. गणिताने हे निर्विवाद आहे. तेव्हा घडीवाल्यांचं खरं आहे आणि तरी त्यांना वाळीत टाकलंय. मठाधिपतींचं म्हणणं असं की फटच नसेल तर देवाने आत यायचं कुठून? मला स्वतःला घडीवाल्यांची बाजू जास्त पटते, पण कादंबरी मठातल्या मुलीची आहे.

आई, तुझा खरा प्रश्न मी टाळलेला नाही. "मेल्यावर काय?" असं तू विचारलंस तेव्हा माझ्याकडे उत्तर नव्हतं, आणि ते नसेल तर माझा धर्म कागदीच म्हणायचा. त्यावर हे सुचलंय. प्रत्येकाचं कर्कटक वेगळं असतं. माणूस गेलं की त्याच्या कर्कटकाचा स्क्रू आहे त्या फाकेवर घट्ट आवळून टाकायचा, पुन्हा सैल करायचा नाही. घरातलं धाकटं माणूस दर वर्षी त्याने एकच वर्तुळ काढतं आणि सात पावलं टाकताना मात्र स्वतःचं कर्कटक वापरतं. म्हणजे वर्तुळ गेलेल्याचं, फट राहिलेल्याची. स्वर्ग, पुनर्जन्म यांतलं काही त्यात नाही. तुला हे कोरडं वाटेल अशी शंका आहे, तेव्हा मन राखायला चांगलं म्हणू नकोस. मठातल्या म्हाताऱ्या बाईच्या तोंडी तुझाच आक्षेप घालायचा विचार आहे, तेव्हा नीट भांडून लिही.

बाबा, तुमच्यासाठी दोन कामं. पाऊण अंशाचा हिशेब एकदा तपासा, मी त्रिकोणमितीने केलाय, तुम्ही हाताने काढून बघा. आणि घडीचा सप्तकोन मला अजून साधलेला नाही. चौथ्या घडीनंतर माझा कागद सरकतो. तुमचा हात स्थिर आहे. जमला तर उलगडून, घड्यांना क्रमांक घालून पाठवा.

तुमची,
धाकटी