आई, बाबांना शांतपणे वाचून दाखव

कोल्हापूर

ती. आई-बाबा,
सा. नमस्कार.

नोकरी सोडली. राजीनामा मंजूरही झाला, तेव्हा बाबा, आता साहेबांना फोन करू नका. इथे तेरा वर्षांखालच्या मुलींना फुटबॉल शिकवायला लागलेय. पगार कमी आहे, पण खोलीचं भाडं, मेस आणि छोटी आरडी त्यात भागते. कोचिंगचं डी लायसन्स आहेच, पुढे सी करायचंय. खोलीत गिझर आहे. मेसवाल्या मावशी ज्वारीची भाकरी देतात. कळण्याची नाही, पण चालतं. महाराष्ट्र एक्सप्रेस भुसावळहून थेट कोल्हापूरला येते, गाडी बदलायची भानगड नाही. एवढं सगळं सांगतेय म्हणून मला धाकधूक आहे असं समजू नका. (थोडी आहे.)

"मुलींच्या फुटबॉलमध्ये काय ठेवलंय?" असं तुम्ही म्हणाल, बाबा. २०२५ च्या जुलैत आपल्या मुलींनी थायलंडला त्यांच्याच देशात २-१ ने हरवून आशियाई चषक गाठला, तेव्हा "दोन्ही गोल संगीता बासफोरचे!" असं फोनवर ओरडत कोण होतं?

खेळ तुम्हीच शिकवलात, त्यात वाद नाही. पण मुलींसमोर उभी राहते तेव्हा मी आईसारखं वागायला बघते. दादाच्या पायांतून तो सोपा गोल गेला होता ना, तुम्ही घरी येईपर्यंत त्याच्याशी बोलला नव्हतात. आईने काही विचारलं नाही. दोघांना एकाच ताटात वाढलं, भरीत मधोमध. त्याचा हात मांडीवरून हलेना. शेवटी तुम्हीच भाकरी मोडून त्याच्यापुढे सारलीत. परवा आमच्या गोलकीपरने तसाच गोल खाल्ला आणि बाकीच्या तिच्यावर तुटून पडल्या. मी सगळ्यांना केळी घेऊन गोल बसवलं, वाटायचं काम तिला दिलं.

आई, तुला ऑफसाइड अजून कळत नाही. पण "आता हाफपॅन्ट पुरे" असं आजी म्हणाली, त्याच्या दुसऱ्या दिवशी माझी जर्सी तू मागच्या अंगणात न घालता पुढच्या दोरीवर, अख्ख्या गल्लीला दिसेल अशी वाळत घातलीस. बुटांच्या स्टडमधली काळी माती जुन्या उलथन्याने उकरत बसायचीस आणि मी शेजारी पेंगायचे. अजून तसं बसावंसं वाटतं गं.

आता दोघांनी ऐका. बिबडे घालायला गच्चीवर एकटीने चढायचं नाही. गुडघ्याचा पट्टा कपाटात ठेवायला आणलेला नाही. बाबा, तुम्ही दुपारचं रेल्वे ग्राउंडवर जायचं नाही; पोरं तुमच्याशिवायही खेळतील, नीट नाही, पण खेळतील. कूलरचा वाळा बदलून घ्या. बीपीची गोळी जेवणाआधी की नंतर, हे आईला विचारू नका, पाकिटावर मी लिहून ठेवलंय.

कानबाईच्या सणाला येणार आहे, रजा आत्ताच सांगून ठेवली. आईसाठी घरात घालायची मऊ चप्पल आणते, नंबर कळव. "काही नको" असं कळवू नकोस.

तुमची,
पिंकी